आर्ट आणि कॅमेरा दोन्ही तुझ्याकडेच? 'हो' म्हणण्याआधी हे वाच

प्रश्न थोडक्यात असा. ठाण्यातला एक मुलगा, पाच वर्षं घोडबंदर रोडच्या मालिकांच्या सेटवर आर्ट असिस्टंट आहे, म्हणजे सेट, रंग आणि वस्तू लावण्याच्या खात्यात. मधल्या काळात मित्रांच्या चार शॉर्टफिल्म त्याने स्वतः शूट केल्या. आता एका छोट्या मराठी सिनेमाचा दिग्दर्शक त्याला म्हणतोय, आर्ट आणि कॅमेरा दोन्ही तूच सांभाळ. शूट १८ दिवसांचं. कळव्याच्या चाळीतली एक खोली, ऐरोलीतला एक फ्लॅट आणि दोन दिवस तुर्भ्याचं फळ मार्केट. पैसे एका माणसाचे आणि वर थोडे. "ताई, घेऊ का? आणि घेतलं तर निभेल का?"

ताई म्हणालास, तर मी अरे-तुरे करूनच बोलते.

घे. पण त्यांनी जे ताट समोर ठेवलंय ते तसंच्या तसं घेऊ नकोस. त्यात काय बदलून मागायचं ते सांगते, पण त्याआधी मी हे कुठून बोलतेय ते कळू दे. या धंद्यात मला बावीस वर्षं झाली. सुरुवात गडकरी रंगायतनला लागणाऱ्या नाटकांचे फ्लॅट, म्हणजे नेपथ्याच्या भिंती, रंगवण्यापासून. मग सात वर्षं सिनेमांच्या आर्ट डिपार्टमेंटला, मग कॅमेरा अटेंडंटपासून परत नव्याने सुरुवात, घरच्यांच्या शिव्या खात. एकाच सिनेमात आर्ट आणि कॅमेरा दोन्ही मी तीनदा केलं. एकदा फार छान झालं, एकदा निभलं आणि एकदा पुरती वाट लागली. निभलं त्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही. बाकी दोन्ही सांगते.

तुझ्या मेसेजमध्ये तू विचारलंयस, "मला दोन्हीतलं पुरेसं येतं का?" ही भीती तू काढून टाक. पाच वर्षं सेट लावलेला आणि स्वतः चार फिल्म उजळलेला माणूस हे करू शकतो. अडचण घड्याळाची आहे. आर्टचं काम संपतं आणि मग कॅमेरा येतो, हे फक्त कागदावर. प्रत्यक्षात कॅमेरा सीन १४ वर असतो तेव्हा आर्टवाले बाजूच्या खोलीत सीन १५ लावत असतात. १४ संपला की दिग्दर्शक तिकडे वळतो आणि तिथे ओट्यावर कांदे चिरलेले, गॅसखाली तेलाचे डाग, फ्रिजवर लाइटबिल मॅग्नेटने लावलेलं, सगळं तयार असतं. तू दोन्ही करत असलास तर त्या वेळी तुझा डोळा व्ह्यूफाइंडरला असणार. मग १५ कोण लावणार?

माझी वाट लागली ती इथूनच. लोकेशन ऐरोलीचाच एक फ्लॅट होता, म्हणून तुझा प्रश्न वाचताना हसूही आलं. हॉलमध्ये बाप-लेकाचा भांडणाचा सीन चालू. मी कॅमेऱ्यावर. पुढचा सीन बेडरूमचा, गोष्टीत आठ महिन्यांनंतरचा. सेटवर सामान लावणाऱ्या सेटिंग दादांना सकाळी सांगून ठेवलं होतं, कॅलेंडरचं पान बदला, चादर बदला, कपाटावरची बॅग काढा. चादर बदलली, बॅग निघाली. कॅलेंडर मार्चचंच राहिलं. त्यात घरमालकांचं म्हणजे त्या खऱ्या घरातल्या माणसांचं कॅलेंडर, त्यावर दुधाचे हिशोब आणि 'गॅस लावला' असं लिहिलेलं. मला ते इतकं आवडलं होतं की मी ते मुद्दाम ठेवलं होतं. पलंगावर बसलेल्या नटीच्या डोक्यामागे अर्धा दिवस ते मार्च लटकत होतं आणि मी फ्रेममध्ये काय पाहत होते, तर तिच्या गालावरची सावली. कॅमेऱ्यामागे बसलं की माणूस चेहरा बघतो, उजेड बघतो, फोकस बघतो. वस्तू वाचत नाही. वस्तू वाचायला मॉनिटरपाशी उभा असलेला आर्टचा माणूस लागतो आणि त्या दिवशी तो माणूस नव्हताच, कारण तो मीच होते. एडिटला कळलं. रिशूटचे पैसे नव्हते. दोन क्लोज-अप वापरून वाइड शॉट टाकून दिला. सीन पांगळा झाला तो झालाच.

तेव्हा पहिली अट ही. तुला असिस्टंट नको, असोसिएट हवा. मालिकेवर तुझ्याबरोबर काम करणारा, तुझ्याइतकाच अनुभवी, 'हे चुकीचं लागलंय, थांबा' असं दिग्दर्शकासमोर म्हणू शकणारा. शूट सुरू झालं की आर्ट त्याचं. तू सेट ठरवायचास, रंगवून घ्यायचास, पहिल्या दिवशी लावून द्यायचास आणि त्यानंतर 'ॲक्शन' ते 'कट'च्या मध्ये आर्टबद्दल तोंड उघडायचं नाहीस. प्रॉडक्शनवाले म्हणतील, असोसिएट घेतला तर तुला दोन्ही देऊन आमचं काय वाचलं? बरोबर प्रश्न आहे. त्यांचं पैशात फार वाचत नाही, वाचलं तर वेळेत वाचतं. त्यांनी तसं लिहून घेतलं तर बरं, नाहीतर शूटच्या सातव्या दिवशी हिशोब काढत बसतात.

आता छान झालं त्याबद्दल.

कोलशेतला एका गोडाऊनमध्ये आम्ही चाळीची खोली उभी केली होती. दहा बाय बारा. कारपेंटर पहिल्या दिवशी विचारतो, "खिडकी कुठे काढू?" एरवी याचं उत्तर आर्ट डिरेक्टर देतो आणि ते बहुतेक वेळा दिसण्यावरून देतो. खिडकी भिंतीच्या मधोमध, सुंदर, सममित. मग तीन आठवड्यांनी डीओपी, म्हणजे कॅमेऱ्याचा प्रमुख, येतो आणि कपाळाला हात लावतो, कारण चूल ज्या कोपऱ्यात आहे तिथे त्या खिडकीचा उजेड पोचतच नाही. मग खिडकीबाहेर मोठा लाइट, तो पोचत नाही म्हणून आत एक लाइट, आतल्या लाइटची सावली पडते म्हणून उजेड अडवायला कटर, कटरचा स्टँड फ्रेममध्ये येतो म्हणून लेन्स बदला. मी खिडकी मधोमध काढलीच नाही. ओट्यापासून तीन फुटांवर, कोपऱ्याला चिकटून काढली आणि तिची खालची कड नेहमीपेक्षा सहा इंच खाली घेतली. बाहेर एकच लाइट, मध्ये उजेड मऊ करायला ट्रेसिंग पेपर, बस. त्या सिनेमातले स्वयंपाकाचे सगळे सीन एका लाइटवर निघाले.

आणि मांडणी. चाळीतली स्टीलची मांडणी तू लावली असशीलच, वर उभी ताटं, खाली उतरत्या क्रमाने डबे, कडेला लटकलेले पेले. कॅमेरावाले तिला घाबरतात, कारण प्रत्येक डब्यात अख्खं युनिट दिसतं. ट्रॉली, माइकची काठी धरलेला मुलगा, सगळे. म्हणून मांडणी उजेडापासून लांब, अंधाऱ्या भिंतीवर ढकलतात. मी ती खिडकीच्या बरोबर समोर लावली. ताटांनी खिडकीचा उजेड परत फेकला आणि ओट्यापाशी उभ्या बाईच्या पाठमोऱ्या गालाला एक गारसर कड आली. तसा रिफ्लेक्टर धरायचा तर माणूस उभा करावा लागला असता आणि खोलीत माणूस उभा राहायला जागा नव्हती. दोन डबे तेवढे कॅमेऱ्याकडे तोंड करून होते. त्यांच्यावर ओला साबण फिरवला आणि फडक्याने हलकेच पुसला की चमक मरते. सेटिंग दादा वैतागले. "ताई, सकाळी राखेने घासून आणलेत आणि तुम्ही परत मळवताय." पण त्यांनी नंतर दुसऱ्या एका सेटवर हीच युक्ती कोणाला तरी शिकवली असं ऐकलं.

दोन्ही कामं एका डोक्यात असण्याचा फायदा तो हाच. कारपेंटरच्या हातात करवत असते तेव्हाच उजेड ठरतो. पण त्यासाठी करवत हातात असायला हवी. तुझ्या सिनेमात बांधलेला सेट एकही नाही, तिन्ही खरी लोकेशन. म्हणजे फायद्याचा निम्मा भाग आधीच गेला. जो उरतो तो रेकीत, म्हणजे शूटआधी लोकेशन जाऊन बघण्यात आहे.

रेकीला दोन वेगवेगळी माणसं जातात तेव्हा एक जण भिंती बघतो, एक जण खिडक्या. तू दोन्ही बघणार आहेस, तर कळव्याच्या खोलीत होकायंत्र काढून आधी खिडकीची दिशा लिहून घे. आपण १९ अंश उत्तर अक्षांशावर आहोत. डिसेंबरात भर दुपारी, म्हणजे आपल्याकडे साडेबाराच्या सुमारास, सूर्य दक्षिणेला साधारण ४७ अंशांवर असतो. खिडकीची वरची चौकट सहा फुटांवर धरलीस तर दक्षिणेच्या खिडकीतून ऊन जमिनीवर साडेपाच फूट आत येतं. दहा फुटांच्या खोलीत म्हणजे अर्ध्याहून जास्त. तीच खिडकी जूनमध्ये कोरडी, कारण तेव्हा दुपारचा सूर्य डोक्यावर येऊन थोडा उत्तरेलाच कलतो. तुमचं शूट कधी आहे ते तू लिहिलं नाहीस. हिवाळ्यात असेल आणि खिडकी दक्षिणेला असेल, तर उन्हाची तिरीप कुठे पडणार ते आजच ठरवता येतं. मग पलंग तिथे ठेवायचा की तिथून हलवायचा हा निर्णय आर्टचा म्हणायचा की कॅमेऱ्याचा, तूच सांग.

लेन्सचं गणितही रेकीतच कर. सेन्सरची रुंदी भागिले लेन्सचे मिलिमीटर, गुणिले अंतर. सिनेमाच्या कॅमेऱ्यांत नेहमी असणारा सुपर ३५ चा सेन्सर साधारण २५ मिलिमीटर रुंद असतो. त्यावर ३५ ची लेन्स लावून दहा फुटांवरून बघितलंस तर सात फूट रुंदी दिसते. २४ ची लावलीस तर दहा फुटांहून थोडी जास्त. म्हणजे दहा फुटी खोलीत भिंतीला पाठ टेकवून ३५ लावलीस तर समोरच्या भिंतीतला तीन फूट भाग कोणाला दिसणारच नाही. तो रंगवायला पैसे का घालायचे? आणि कॅमेऱ्याची लांबी, ट्रायपॉडचे पाय, तू स्वतः, हे सगळं भिंत आणि लेन्सच्या मध्ये बसायचंय, त्यात तीन फूट जातात. म्हणजे हातात दहा नाही, सातच फूट. मी आर्टच्या नकाशावर प्रत्येक सीनची लेन्स आणि तिला दिसणाऱ्या भागाचा त्रिकोण पेन्सिलीने काढते. आर्ट असिस्टंट असताना हे कोणी शिकवलं नव्हतं, कॅमेऱ्यावर गेल्यावर कळलं, आणि आधी कळलं असतं तर किती प्लाय वाचला असता याचा विचार आला.

चाळीची खोली ज्यांची आहे ते बहुधा तुमच्या स्वागतासाठी ती पांढरीशुभ्र करून ठेवतील. त्यांना आधीच हात जोडून सांग, काही करू नका. ताजी पांढरी भिंत अंगावर पडलेल्या उजेडातला ८०-९० टक्के उजेड परत फेकते. कॅमेऱ्याचं एक्स्पोजर ज्या करड्या रंगावर बेतलेलं असतं तो फेकतो १८ टक्के. हे अंतर दोन स्टॉपांहून जास्त, आणि एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड. आपल्या नटांचे गव्हाळ-सावळे चेहरे त्या भिंतीपुढे काळवंडतात, मग चेहऱ्यावर लाइट वाढवायचा, तो भिंतीवरही सांडतो, भिंत आणखी पेटते. छोट्या खोलीत यातून सुटका नाही. भिंत चेहऱ्याहून गडद ठेव, निदान बरोबरीची. रंग मॅट हवा, डिस्टेंपर. ऑइलपेंट असला की प्रत्येक दिवा त्यात दिसतो. खालचे चार फूट ऑइलपेंट आणि वर डिस्टेंपर ही चाळीची जुनी पद्धत दिसायला फार गोड, पण मग कॅमेरा कुठून लावणार आहेस ते ठरवूनच कर. जुनेपणासाठी पाण्यात काळा आणि तपकिरी स्टेनर, स्पंजने, स्विचभोवती आणि दाराच्या कडेला, जिथे हात लागतात तिथेच. सगळीकडे मारलं की खोली जुनी वाटत नाही, जळाल्यासारखी वाटते. आणि शूट पावसात असेल तर रंग वाळायला धरलेले दिवस दुप्पट धर. जुलैत मी एक भिंत चार दिवस पंखे लावून वाळवलीय.

आता रंगाचं निघालंच आहे तर माझं सगळ्यात मोठं लाजिरवाणं प्रकरण सांगते. हे 'वाट लागली' त्याच सिनेमातलं, ऐरोलीच्या आधीच्या शेड्यूलमधलं. नौपाड्यात जुन्या वाड्याचं माजघर मिळालं होतं. मी त्याला मोरपंखीकडे झुकणारा हिरवा दिला. दुपारच्या उजेडात नमुन्याचा पट्टा बघितला, सुंदर. मोबाइलवर फोटो काढले, सुंदर. दिग्दर्शकही खूश. दुसऱ्या दिवशी नटी भिंतीला लागून बसली, बाहेरून लाइट आला, भिंतीवर आपटला आणि हिरवा होऊन तिच्या मानेवर, हनुवटीखाली पडला. मॉनिटरवर काहीतरी खटकत होतं. मी काय केलं? मेकअप दादांना सांगितलं, बेस थोडा पिवळा करा. त्यांनी केला. संध्याकाळी ती त्याच मेकअपमध्ये अंगणात उभी राहिली आणि हळद लागल्यासारखी दिसायला लागली. डीआयला, म्हणजे सिनेमाचे रंग दुरुस्त करायला, बसलो तेव्हा कलरिस्ट म्हणाला, "हिला या सीनमध्ये विषबाधा होते का?"

उपाय काय होता? साधा. तिला भिंतीपासून चार फूट पुढे घ्यायचं आणि फ्रेमबाहेर राहिलेल्या भिंतीवर काळं कापड टाकायचं. हे मला येत नव्हतं असं नाही. दुसऱ्याच्या सेटवर डीओपी म्हणून गेले असते तर पहिल्या तासात आर्टवाल्याशी भांडले असते, "हा काय रंग दिलाय!" इथे तो रंग मीच दिला होता आणि माझं त्याच्यावर प्रेम होतं. रंग चुकला असं कबूल करण्यापेक्षा मी मेकअपला दोष दिला. आर्ट आणि कॅमेरा या दोन खात्यांत सेटवर जी रोजची खडाखडी चालते ती तू पाच वर्षं पाहिलीयस. तुला ती कटकट वाटत असेल. ती गेली की किती चुका सरळ पडद्यापर्यंत जातात हे मला त्या सिनेमाने दाखवलं.

म्हणून दुसरी अट, आणि ही प्रॉडक्शनला नाही, तू स्वतःला घालायची आहेस. रंग पक्का करायच्या आधी एक दिवस कॅमेरा टेस्ट. खरा कॅमेरा, खरी लेन्स, नटाच्याच रंगाचा कोणीतरी माणूस भिंतीपासून एक फुटावर आणि चार फुटांवर. आणि बघायला असा एक डीओपी मित्र बोलव ज्याला या सिनेमाशी काही देणं-घेणं नाही. त्याला वडापाव खायला घाल आणि सांग, खोड काढ. माझ्यासाठी हे काम आता एक जुना गॅफर, म्हणजे लाइटवाल्यांचा प्रमुख, करतो. तो काही बोलत नाही, नुसता भिंतीकडे बघून "हं" करतो. त्या "हं"वर मी दोनदा रंग बदललाय.

दिग्दर्शक तुला सांगेल, आणि बहुतेक सांगितलंही असेल, की मराठी सिनेमाची सुरुवातच अशा माणसांनी केली. खरं आहे. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवायचे, शिल्पं करायचे, त्यांनी कॅमेराही स्वतःच घडवला आणि १९२० मध्ये 'सैरंध्री' आणली. त्यांच्या हाताखाली तयार झालेले फत्तेलाल पुढे प्रभातचं कलादिग्दर्शन बघायचे आणि १९३६ चा 'संत तुकाराम' त्यांनी दामल्यांबरोबर दिग्दर्शितही केला. ही नावं ऐकली की छाती फुगते. पण ती माणसं कंपनीत राहायची, सेट कंपनीच्या आवारात उभा असायचा, उद्या उजेड चांगला नसला तर परवा. तुझ्या शेड्यूलमध्ये परवा नाही. हे उदाहरण कोणी पैसे कमी करण्यासाठी वापरलं तर गालात हसायचं आणि विषय बदलायचा.

मला उलट दोन वेगळ्या माणसांचं एक उदाहरण जास्त पटतं. सत्यजित राय यांच्या १९५६ च्या 'अपराजितो'साठी बनारसच्या घराचं अंगण पावसाच्या भीतीने कोलकात्याच्या स्टुडिओत बांधावं लागलं. बन्सी चंद्रगुप्त आर्टला, सुब्रत मित्र कॅमेऱ्याला. उघड्या आकाशाचा, सावली न पाडणारा उजेड स्टुडिओत आणायचा कसा? सुब्रत मित्र यांनी अंगणावर पांढरं कापड ताणून बसवलं आणि लाइट खालून त्याच्यावर मारले. आज आपण 'बाउन्स' म्हणतो आणि थर्माकोल पुढे करतो, त्याच्या मागे असले खटाटोप आहेत. यात ते कापड आर्टचं की कॅमेऱ्याचं? तुला दोन्ही काम करायचंय ते अशा कापडासाठी कर. एका पगारात दोन माणसं मिळतात म्हणून करवून घेतात त्यांच्यासाठी करू नकोस.

पैशाकडे येते. तुझ्या मानधनापेक्षा एका गोष्टीसाठी जास्त भांड: आर्टचं बजेट आणि कॅमेऱ्याचं बजेट वेगळ्या रकान्यांत आणि वेगळ्या सह्यांनी. दोन्ही एकाच माणसाच्या ताब्यात आहेत असं दिसलं की प्रॉडक्शन मॅनेजर एक वाक्य शिकतो, "तुझंच आहे ना दोन्ही, ॲडजस्ट कर." माझ्याकडून एका निर्मात्याने असं करत करत लेन्सचं भाडं रंगाच्या पैशांतून भागवलं. शेवटच्या शेड्यूलला माझ्याकडे उत्तम लेन्स होत्या आणि त्यातून बघायला उघडी, न रंगवलेली भिंत. तयारीचे दिवसही मानधनात धरून घे. आर्टची तयारी वेगळी, कॅमेऱ्याची वेगळी, दोन्ही मिळून तुला शूटआधी कमीत कमी तीन आठवडे लागणार आहेत आणि ते फुकट द्यायचे नाहीत. टायटलमध्ये दोन वेगळ्या पाट्या माग. आणि सिनेकामगारांच्या फेडरेशनखाली आर्टची आणि कॅमेऱ्याची संघटना वेगवेगळी आहे हे विसरू नकोस. तुझं कार्ड एकाच खात्याचं असेल तर दुसऱ्याचं काय ते आधी विचारून घे. शूटच्या दिवशी सेटवर चेकिंगला माणसं आली की मग विचारण्यात अर्थ नसतो.

कळव्याच्या खोलीत विजेचं एक बघून ठेव, कारण आर्टवाल्या माणसाला याची सवय नसते. २३० व्होल्टवर एक किलोवॉटचा लाइट चार अँपिअरहून थोडा जास्त ओढतो. घरातला छोटा प्लग पाच-सहा अँपिअरचा असतो. म्हणजे एका प्लगवर एक किलोवॉट आणि संपलं, दोनचा लावलास तर आधी प्लग तापेल, मग मेन पडेल, मग शेजारचे बाहेर येतील आणि त्या दिवसाचं शूट गेलं. आता एलईडी पॅनेल आलेत, तीनशे वॉटवाले, त्यांना सव्वा अँपिअर पुरतो, त्यामुळे चाळीत काम सोपं झालंय. पण जनरेटर गल्लीत कुठे उभा राहील ते तरी बघून ये.

आणि खोलीतले बल्ब. हे फार कमी लोक सांभाळतात आणि दोन्ही काम करणाऱ्याला इथे हातचा फायदा आहे. फ्रेममध्ये दिसणारा बल्ब आर्टच्या यादीत असतो, पण उजेड कॅमेऱ्याला पाडायचा असतो. दुकानातला 'कूल डेलाइट' ६५०० केल्विनचा असतो आणि 'वॉर्म' २७०० किंवा ३००० चा. दोन्ही एका खोलीत लागले की एका गालाला निळा आणि एका गालाला पिवळा. चाळीत हे खरंच असं असतं, तेव्हा मुद्दाम ठेवायचं तर ठेव, पण चुकून नको. शिवाय आपली वीज ५० हर्ट्झची, उजेड सेकंदाला शंभरदा लवतो. २५ फ्रेमला १८० अंशांचं शटर म्हणजे एकपन्नासांश सेकंद, त्यात लवणं दिसत नाही. २४ फ्रेमला शूट करणार असाल तर शटर १७२.८ अंश ठेव, म्हणजे तेच एकपन्नासांश होतं. स्वस्तातले एलईडी तरीही फडफडतात, विशेषतः डिमरवर. बल्ब घेताना दुकानातच मोबाइलच्या स्लोमोशनमध्ये बघायचा. दुकानदार विचित्र नजरेने बघतो, बघू दे.

फळ मार्केटचे दोन दिवस तुला सगळ्यात सोपे जातील. तिथे आर्ट जवळजवळ नाहीच. पेट्या, गवत, कागद, हमाल, टेम्पो, सगळं तिथे आहे आणि तुझ्या हाताने त्याहून चांगलं होणार नाही. चार पेट्यांवरची नावं दिसू नयेत म्हणून फिरवून ठेवायच्या, एवढंच. तिथे तू पूर्ण कॅमेऱ्याचा हो. पहाट व्हायच्या आधी पोच, कारण धंदा तेव्हाच असतो आणि आकाश निळं असताना दिव्यांचा पिवळेपणा खुलतो तो वेळ फार थोडा. मला वाटतं शेड्यूल असं मागावंस की मार्केट पहिलं आणि चाळ शेवटी. म्हणजे तू कॅमेऱ्यावर हात बसवत असताना तुझा असोसिएट कळव्यात खोली रंगवत असेल. दिग्दर्शक उलट म्हणेल, घरातले सीन आधी. त्याला काय ती कारणं असतील नटांच्या तारखांची. पण विचारून बघ.

ऐरोलीच्या फ्लॅटबद्दल मी जास्त सांगत नाही, माझा राग अजून गेलेला नाही. एवढंच, घरातल्या फोटोफ्रेमच्या काचा काढून ठेव. आणि कॅलेंडर.

कळव्याला या रविवारी जाऊन ये. दुपारी बारा ते दोन खोलीत नुसता बस, दर अर्ध्या तासाने ऊन कुठे आहे तिथे जमिनीवर खडूने रेघ मार आणि फोटो काढ. खिडकीची दिशा, वरच्या चौकटीची उंची आणि दारापासून समोरच्या भिंतीपर्यंतचं अंतर मला पाठव. मग रंग कोणता आणि लेन्स कोणती ते बोलू.